पथ्याचे पातेले वेगळे नको

हिवाळ्यात भाजीबाजार जितका भरलेला असतो तितका आपला दस्तरखान भरलेला नसतो. म्हणजे भरलेला असतोच, पण भाजीने नव्हे. शुक्रवारी पुलाव किंवा बिर्याणी, रविवारी मटण, मधल्या दिवसांत खिमा नाहीतर अंड्याचे सालन, आणि भाजी झालीच तर बटाटा. याच दिवसांत मंडईत गाजरांचे ढीग लागलेले असतात, मटार कोवळा असतो, फ्लॉवर पांढरीशुभ्र असते. आपण मात्र कोथिंबीर, पुदिना, हिरवी मिरची आणि दोन किलो कांदे घेऊन घरी परततो. आम्ही शाळेत उर्दू आणि मराठी शिकवतो. "माझे आवडते जेवण" या विषयावर निबंध दिला की दोन्ही भाषांतल्या वह्या बिर्याणीच्या वासाने भरून जातात. भाजीचे नाव विचारलेच तर सर्वांत जास्त मते बटाट्याला. जागतिक आरोग्य संघटना सांगते की मोठ्या माणसाने दिवसाला किमान ४०० ग्रॅम फळे आणि भाज्या खाव्यात, आणि त्या ४०० ग्रॅममध्ये ती बटाटा, रताळे मोजत नाही. हे वर्गात सांगितले की मुलांच्या चेहऱ्यावर शोककळा पसरते.

आपल्याकडे भाजी मानाने घरात येते ती डॉक्टरांच्या चिठ्ठीबरोबर. अब्बांना शुगर निघाली, अम्मींचे बीपी वाढले, की दुसऱ्या दिवसापासून गॅसवर एक छोटे पातेले वेगळे चढते. मोठ्या पातेल्यात घरच्यांचे सालन, छोट्यात पथ्याचे. छोट्यात काय असते, तर दुधी नाहीतर दोडका, पाण्यात उकडलेला, बिनमिठाचा, बिनफोडणीचा. दोनेक आठवडे हे नेमाने चालते. मग छोटे पातेले तसेच्या तसे परत येऊ लागते आणि आजारी माणूस नातवाच्या ताटातला रस्सा मागू लागतो. लोक म्हणतात, म्हाताऱ्यांची जीभ ऐकत नाही. आम्हाला हे पटत नाही. तेच बेचव पाणी आपल्याला रोज दिले तर आपलीही जीभ ऐकणार नाही.

आमच्या सासूबाईंना, आम्ही त्यांना अम्मीच म्हणतो, तीन वर्षांपूर्वी बीपीच्या गोळ्या सुरू झाल्या. मीठ कमी, तेल कमी, भाज्या जास्त, असे डॉक्टरांनी सांगितले. रिवाजाप्रमाणे त्यांचे वेगळे शिजू लागले. चौथ्या दिवशी अम्मींनी बशी पुढे सरकवली आणि म्हणाल्या, "बीमारां का खाना मेरेकू नक्को." पुढे त्या दस्तरखानवर यायच्याच बंद झाल्या. हाक मारली की "तुम्ही बसा, मला भूक नाही" असे खोलीतूनच उत्तर. ज्या बाईने उभ्या आयुष्यात घरच्या सगळ्यांना वाढले आणि मगच स्वतः घास घेतला, तिच्यासमोर आता सगळ्यांपेक्षा वेगळी बशी येत होती. पथ्य जिभेला जड जात होते की मनाला, हे सांगायला डॉक्टर लागत नाही.

तेव्हा घरात ठरले, वेगळे पातेले बंद. जेवणाची सुरुवात सगळ्यांनी एकाच पातेल्यातल्या भाज्यांच्या सुपाने करायची. मुलांच्या अब्बांनी आधी कुरकुर केली, मुलांनी नाक मुरडले. पण अम्मींसमोर कोणी काही बोलले नाही. आज हे सूप आमच्याकडे आठवड्यातून चार-पाच वेळा होते, आणि अनेक भगिनींनी त्याची रीत विचारल्यामुळे या महिन्याची जागा आम्ही त्यालाच देत आहोत.

सूप म्हटले की आपल्याला हॉटेल आठवते. पांढरा बाऊल, वर तरंगणारे क्रीम, तळलेले पावाचे तुकडे. खरे तर ही चीज आपल्या घरात पिढ्यान्पिढ्या आहे. यखनी आहे, मसूरचा शोरबा आहे, मराठी घरांत शेरवा आहे. शोरबा हा शब्द फारसीतून आला. त्यातला "शोर" म्हणजे खारट आणि "बा" म्हणजे पातळ शिजवलेले कालवण. मीठ नावातच बसले आहे! म्हणूनच की काय, शोरबा म्हटले की आपला हात मिठाच्या बरणीकडे आपोआप जातो. आजच्या आपल्या सुपाची सगळी खटपट या एका गोष्टीसाठी आहे, की मीठ थोडेच असावे आणि ते कमी पडल्याचे कोणाला जाणवू नये.

सहा माणसांचा अंदाज देतो. दुधी पाव किलो, गाजरे दोन मध्यम, टोमॅटो दोन, कोबी शंभर ग्रॅम म्हणजे छोट्या गड्ड्याचा पाव भाग, फरसबीच्या आठ-दहा शेंगा, मटाराचे दाणे अर्धी वाटी. कांदा एक, लसूण पाच-सहा पाकळ्या, आले बोटाच्या पेराएवढे. मसूरडाळ दोन मोठे चमचे, धुऊन अर्धा तास भिजवलेली. तेल दोन छोटे चमचे. जिरे, मिरे, एक तमालपत्र. पाणी साधारण सव्वा लिटर. मीठ सपाट अर्धा छोटा चमचा, आणि ते सुद्धा शेवटी. लिंबू एक.

या भाज्यांचे वजन केले तर पाऊण किलोच्या आसपास भरते, म्हणजे माणशी सव्वाशे ग्रॅम. वर सांगितलेल्या ४०० ग्रॅमचा जवळजवळ तिसरा हिस्सा एका वाडग्यात झाला. उरलेल्यासाठी दुपारची भाजी, काकडी-टोमॅटोची कचुंबर आणि एखादे फळ.

दुधी चिरण्याआधी त्याचा लहानसा कच्चा तुकडा जिभेवर ठेवून पाहा. ही गोष्ट आम्ही विनोदाने सांगत नाही. दुधी कडू लागला तर तो अख्खा फेकून द्या, अर्धा कापून बाकीचा वापरू नका, साखर-लिंबाने कडूपणा झाकू नका. कडू दुधीत असलेले द्रव्य विषारी असते, शिजवून ते जाईलच असा भरवसा नसतो, आणि कडू दुधीचा रस पिऊन माणसे दगावल्याच्या घटना आपल्या देशात घडल्या आहेत. गोड निघालेला दुधी मात्र बिनधास्त वापरा. हजरत अनस (रजि.) यांनी सांगितलेली हकीकत बुखारी शरीफमध्ये आहे, एका शिंप्याच्या घरी दावत होती, जवाची रोटी होती, दुधी आणि सुकवलेले गोश्त घातलेला शोरबा होता, आणि प्रेषित (स.) भांड्याच्या कडेने दुधीच्या फोडी शोधून खात होते. ही हदीस आपण पुष्कळदा ऐकतो आणि घरी येऊन दुधीला आजाऱ्याची भाजी म्हणतो.

आता भाज्या निवडताना जे टाकून देतो त्याकडे पाहू. कोबीचा दांडा, कोथिंबिरीच्या काड्या, मटाराची कोवळी सालपटे, गाजराची टोके, कांद्याचा आतला जाड पापुद्रा, लसणाच्या बारीक पाकळ्या ज्या सोलायचा कंटाळा येतो. हे सगळे दोन-तीन पाण्यांतून स्वच्छ धुवा, किडके-सडके काढून टाका आणि त्या सव्वा लिटर पाण्यात तमालपत्र व चार मिरे टाकून मंद आचेवर वीस-पंचवीस मिनिटे उकळत ठेवा. आटून थोडे कमी होते, म्हणून दोन वाट्या पाणी जास्तच घ्या. मग गाळून घ्या. हे झाले आपले भाज्यांचे यखनी. रंग फिकट चहासारखा, वास मात्र असा की शेजारीण विचारते, आज काय शिजतंय? याने सुपाला जो दम येतो तो पाकिटातल्या कुठल्याही चौकोनी वडीने येत नाही. वेळ नसेल त्या दिवशी साधे गरम पाणी घ्या, सूप बिघडत नाही. पण सुटीच्या दिवशी एवढे नक्की करा.

पातेल्यात तेल तापवून जिरे घाला, बारीक चिरलेला कांदा, लसूण, आले घाला आणि आच मंद करा. कांदा लाल करायचा नाही. आपला हात सालनाला सरावलेला असतो, कांदा खरपूस झाल्याशिवाय चैन पडत नाही, पण इथे तो पाच-सहा मिनिटे नुसता मऊ, काचेसारखा होऊ द्यायचा. त्याचा गोडवा उतरतो तो यातच. मग डाळ आणि दुधीच्या फोडी घाला, यखनी ओता, झाकण ठेवा.

टोमॅटो आत्ता घालू नका. आंबटपणात डाळ लवकर शिजत नाही, हे ज्यांनी घाईत चिंचेचे पाणी आधी ओतून आमटी केली आहे त्यांना ठाऊक आहे. पंधरा-वीस मिनिटांत डाळ आणि दुधी मऊ झाले की टोमॅटो घाला, ते विरघळले की रवीने घोटा. मिक्सर लागतच नाही. मिक्सर लावायचाच असेल तर आधी कोमट होऊ द्या. गरम सूप भांड्यात भरून झाकण लावले की वाफेने झाकण उडते आणि हात भाजतो. रवीने घोटलेल्या डाळ-दुधीमुळे सुपाला जाडी येते. हॉटेलवाले ती कॉर्नफ्लोअरने आणतात. कॉर्नफ्लोअर म्हणजे मक्याचा स्टार्च. शुगरच्या पेशंटने पोळी मोजून खायची आणि सुपातून स्टार्च पिऊन घ्यायचा, याला पथ्य म्हणत नाहीत.

घोटून झाले की गाजर आणि फरसबी अगदी बारीक, मटाराच्या दाण्याएवढी चिरून घाला. पाच-सात मिनिटांनी मटार, आणि सर्वांत शेवटी बारीक चिरलेला कोबी. कोबीला तीन-चार मिनिटे पुरेत. जास्त उकळला तर तोच कोबी असा वास सोडतो की मुले पुढच्या खोलीतूनच "आज नको" म्हणतात. सगळे एकदम कुकरमध्ये घालून चार शिट्ट्या काढणाऱ्या भगिनी आहेत; त्यांच्या घाईची आम्हाला कल्पना आहे, आम्हीही सकाळी सातची शाळा गाठतो. मग निदान डाळ-दुधीची शिट्टी आदल्या रात्री काढून ठेवा आणि बाकीच्या भाज्या उघड्या पातेल्यात शिजवा. सूप पिताना दाताखाली काहीतरी यायला हवे. नाहीतर ते परत दवाखान्याचे खाणे होते.

भाज्या उकळल्या की त्यांतली सगळी जीवनसत्त्वे जातात, असे कोणीतरी तुम्हाला सांगेलच. क जीवनसत्त्व उष्णतेने कमी होते हे खरे. म्हणून तर लिंबू गॅस बंद केल्यावर पिळायचे. पण पाण्यात उतरणारी बाकीची सत्त्वे आणि क्षार त्या पाण्यातच राहतात, आणि सुपात आपण ते पाणीच पितो. भाजी उकडून पाणी मोरीत ओतण्यात नुकसान आहे, सुपात नाही. गाजर आणि टोमॅटोतील रंगद्रव्ये तर शिजल्यावर आणि थोड्या तेलाच्या संगतीत अंगाला जास्त लागतात. म्हणून ते दोन चमचे तेल वगळू नका. आणि सूप गाळू नका. गाळले की चोथा जातो, आणि बद्धकोष्ठ असलेल्या घरात चोथ्याला किती मोल आहे ते सांगायला नको.

आता मीठ. जागतिक आरोग्य संघटनेच्या सल्ल्याप्रमाणे मोठ्या माणसाला दिवसभरात ५ ग्रॅमपेक्षा कमी मीठ हवे. म्हणजे साधारण सपाट एक छोटा चमचा, आणि त्यात सालन, भात, पोळी, लोणचे, पापड, फरसाण सगळे आले. आपल्या सुपातल्या अर्ध्या चमच्याचे सहा वाटे केले तर माणशी अर्ध्या ग्रॅमच्या आसपास येते. मीठ शेवटी घालायचे कारण सोपे आहे. सूप आटते, मीठ आटत नाही. आधी बरोबर वाटलेले मीठ अर्ध्या तासाने जास्त होते.

एवढ्याशा मिठात चव कशी येते? इथे श्रेय अम्मींचे. पहिले काही दिवस त्या गप्प बसून सूप पीत होत्या. एके दिवशी स्वयंपाकघरात आल्या, पातेल्यात डोकावल्या आणि विचारले, "बघार कुठे आहे?" मग त्यांनी स्वतः कढल्यात अर्धा चमचा तूप तापवले, दोन लसूण पाकळ्या ठेचून लालसर केल्या, चिमूटभर जिरे टाकले आणि चर्रकन पातेल्यावर ओतून लगेच झाकण लावले. दोन मिनिटांनी झाकण काढले तेव्हा ते सूप राहिले नव्हते, आमच्या घरचा शोरबा झाला होता. त्या दिवसापासून बघार त्यांचाच. वर ताजी कुटलेली मिरपूड, भाजलेल्या जिऱ्याची पूड, कोथिंबीर आणि लिंबू. आंबट, तिखट आणि खमंग या तिघांनी मिळून खारटाची जागा भरून काढली. मुलांच्या अब्बांना तरी अळणी वाटते. त्यांच्यासाठी मिठाची डबी दस्तरखानवर असते, पातेल्यात नसते. इतकाच फरक.

पाकिटातल्या सुपाविषयी दोन शब्द. आम्ही कंपन्यांची नावे घेणार नाही, पाकीट उलटे करून तुम्हीच वाचा. घटकांची यादी वजनाच्या उतरत्या क्रमाने असते. पहिल्या दोन-तीन नावांत स्टार्च, साखर, मैदा, मीठ दिसले आणि भाज्या खूप खाली दिसल्या, तर चित्रातल्या गाजरावर जाऊ नका. सोडियमचा आकडा मिलिग्रॅममध्ये असतो. त्याला अडीचने गुणले की मीठ निघते. समजा एका वाट्यात ७०० मिलिग्रॅम सोडियम लिहिले असेल, तर ते झाले पावणेदोन ग्रॅम मीठ. दिवसाच्या वाट्याचा तिसरा हिस्सा एका कपात. आणि तो आकडा एका वाट्याचा आहे की शंभर ग्रॅम पुडीचा, हेही पाहा. आमच्या नववीच्या मुलांनाही हा हिशेब तीन मिनिटांत जमतो. मांसाहारी चवीच्या वड्या आणि पुड्यांत आपल्याला आणखी एक गोष्ट पाहावी लागते, हलालचा शिक्का. तपकिरी त्रिकोण एवढेच सांगतो की आत मांसाहारी काही आहे. ते कसे मिळवलेले आहे हे सांगत नाही.

काही घरांसाठी हे सूप जसेच्या तसे चालणार नाही, तेही सांगायला हवे. ज्यांची किडनी कमजोर आहे त्यांना बऱ्याचदा पोटॅशियम मोजून घ्यायला सांगितलेले असते, आणि भाज्यांच्या उकळलेल्या पाण्यात नेमके तेच उतरलेले असते. अशा पेशंटला डॉक्टरांना विचारल्याशिवाय सूप देऊ नका, "भाजीच तर आहे" म्हणून तर मुळीच नको. बाजारात "कमी सोडियमचे मीठ" मिळते, त्यात सोडियमऐवजी बऱ्याचदा पोटॅशियम घातलेले असते. किडनीच्या आणि बीपीच्या काही गोळ्या चालू असलेल्यांनी तेही विचारूनच घ्यावे. रक्त पातळ होण्याच्या काही गोळ्या चालू असतील तर पालेभाज्या एकदम वाढवू किंवा एकदम बंद करू नयेत. लकव्यानंतर ज्यांना गिळताना ठसका लागतो त्यांना पातळ सूप धोक्याचे असते, किती दाट द्यायचे ते डॉक्टर सांगतात. आणि एक गैरसमज. सूप म्हणजे पूर्ण जेवण नव्हे. दोन चमचे डाळीतली प्रथिने सहा जणांत वाटली तर प्रत्येकाला जेमतेम एक-दीड ग्रॅम येतात. "रात्री फक्त सूप घेते" असे अभिमानाने सांगणाऱ्या भगिनींनो, सोबत एखादे उकडलेले अंडे, थोडे चिकन, उसळ किंवा दही घ्या, अर्धी भाकरी घ्या. विशेषतः ज्यांच्या अंगात रक्त कमी आहे त्यांनी.

भाज्या ऋतूप्रमाणे बदला. उन्हाळ्यात मटार महाग होतो, तेव्हा तांबडा भोपळा आणि शेवग्याच्या शेंगांचा गर. पावसाळ्यात पालेभाज्या चिखलाच्या येतात, त्या टाळल्या तरी चालते. दोडका, गिलके, भोपळा आहेच. फ्लॉवर वापरायची तर तुरे सुटे करून हळद-मीठ घातलेल्या कोमट पाण्यात दहा मिनिटे ठेवा, अळ्या असल्या तर वर येतात. बीट कमी घाला, नाहीतर सगळे सूप लाल होते आणि लहान मुले त्याला वेगळेच नाव देतात. ज्या घरात गोश्ताशिवाय काही गोड लागत नाही तिथे पाण्याऐवजी हाडांची यखनी वापरायला हरकत नाही. फक्त यखनी रात्रभर फ्रीजमध्ये ठेवा. चरबी वर पांढरी गोठते, ती चमच्याने उचलून टाका.

वाढताना पातेले तळापासून ढवळा. डाळ खाली बसते. न ढवळता वाढले तर पहिल्याला पाणी आणि शेवटच्याला दाट भाग मिळतो. घरातली बाई शेवटी जेवते, तेव्हा यात तिचा फायदाच आहे, असे आमच्या एका सहशिक्षिका म्हणतात. आमचे म्हणणे, ढवळा, आणि सगळ्यांबरोबर बसा.

रमजानचा विचार आत्ताच करून ठेवावा असे आम्हाला वाटते. चांद्र महिने दरवर्षी दहा-अकरा दिवस मागे सरकतात, त्यामुळे २०२६ पासून पुढची काही वर्षे रमजान थंडीतच येणार आहे; २०३० मध्ये तर जानेवारीत एक आणि डिसेंबरच्या अखेरीस दुसरा सुरू होईल. म्हणजे इफ्तारच्या वेळी हवेत गारवा आणि बाजारात गाजर-मटार स्वस्त. खजूर आणि पाण्याने रोजा सोडल्यावर भजी-समोशांकडे जाण्याआधी एक वाडगा हे गरम सूप घ्या, मगरिबची नमाज पढा आणि मग जेवायला बसा. भजी बंद करा असे आम्ही म्हणत नाही. म्हटले तर घरात कोणी ऐकणारही नाही. पण पोटात सूप गेल्यावर आठ भज्यांची चार होतात, हे आम्ही आमच्या दस्तरखानवर पाहतो. असरनंतर करायचे काम कमी व्हावे म्हणून भाज्या सकाळी चिरून झाकून फ्रीजमध्ये ठेवा. रोज्यात मीठ चाखून पाहता येत नाही, तेव्हा मोजूनच घाला; ही सवय पुढे अकरा महिने कामी येते.

अम्मींचे बीपी सुपाने उतरले, असे आम्ही म्हणणार नाही. गोळ्या चालू आहेत, दर महिन्याला मोजणीही होते. झाले ते इतकेच की त्या दस्तरखानवर परत आल्या. आता मटार सोलायला त्याच बसतात, धाकट्या नातीला शेजारी घेऊन, आणि निम्मे दाणे ती नात कच्चेच खाते. त्याचाही हिशेब आम्ही ४०० ग्रॅममध्ये धरतो.

पाणी किती घालायचे, यावर आमच्याकडे अजून वाद होतो. मुलांना दाट हवे, अम्मींना पातळ. त्यांचा पुरावा भक्कम आहे. शोरबा करताना पाणी वाढवा आणि शेजाऱ्यांची खबर घ्या, अशी ताकीद हजरत अबूजर (रजि.) यांना मिळाली होती, सहीह मुस्लिममध्ये ती आहे. त्यामुळे खालच्या मजल्यावर एकट्या राहणाऱ्या खालांकडे एक वाडगा जातो. त्यांना शुगर आहे, मुलगा परगावी नोकरीला, एकटीसाठी पाच भाज्या आणून कोण चिरणार? एक गोष्ट तेवढी सांभाळा. शेजारी द्यायला पाणी वाढवले तर मीठ वाढवू नका. दोन गाजरे आणि मूठभर डाळ वाढवा.

उरलेले सूप तासन्‌तास गॅसच्या ओट्यावर ठेवू नये. पसरट भांड्यात काढून लवकर गार करा आणि दोन तासांच्या आत फ्रीजमध्ये ठेवा. दुसऱ्या दिवशी लागेल तेवढेच काढून चांगली उकळी आणा, पुन्हा पुन्हा गरम करू नका. तिसऱ्या दिवसावर नेऊ नका. एखादा वाडगाच उरला असेल तर त्यात कणीक भिजवा, थोडा ओवा आणि तीळ घाला. त्या पराठ्यांत भाजी आहे हे आमच्या मुलांना अजून कळलेले नाही, आणि हा अंक त्यांच्या हाती लागणार नाही याची आम्ही काळजी घेऊ.